विजार घातलेले ग्रीक

नमस्कार मंडळी. 'पोरांची भाषा बिघडली' हा विषय निघाला नाही असा आपला एकही मेळावा मला आठवत नाही. म्हणून आज डिओची गोष्ट सांगतो.

डिओ प्रूसाचा, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातल्या बुर्साचा. रोमन अमलातला, पहिल्या शतकातला ग्रीक वक्ता. पुढे लोक त्याला 'क्रिसोस्तोम', म्हणजे सुवर्णमुख, म्हणू लागले. सम्राट डोमिशियनने हद्दपार केल्यावर त्याची पुष्कळ भटकंती झाली. त्याच सुमारास तो काळ्या समुद्राच्या उत्तरेला ओल्बियात गेला. ती जागा आज दक्षिण युक्रेनमध्ये येते. मिलेटसच्या ग्रीकांनी वसवलेलं हे शहर तोवर सुमारे ७०० वर्षांचं झालं होतं. भोवती सगळे सिथियन, आपल्या शकांचे भाऊबंद.

वेशीबाहेर त्याला घोड्यावरचा एक १८ वर्षांचा मुलगा भेटला, कालिस्त्रातोस. नाव ग्रीक, पायात सिथियन विजार. डिओने मुद्दाम दोन जुन्या ग्रीक कवींची नावं घेऊन खोडी काढली, 'होमर मोठा की फोसिलिडीझ?' पोराला दुसरं नाव ठाऊकच नव्हतं! डिओ लिहितो, यांचं ग्रीक आता धड राहिलेलं नाही, पण होमरचं महाकाव्य इलियड जवळजवळ सगळ्यांना तोंडपाठ.

आदल्याच दिवशी भरदुपारी सिथियनांनी धाड घालून काही पहारेकरी कापले होते. वेशी बंद, तटावर लढाईचं निशाण. तरी माणसं हत्यारांनिशी झेउस या ग्रीक देवाच्या देवळापाशी भाषण ऐकायला जमली. (आपल्याकडे पाऊस भुरभुरला तरी निम्म्या खुर्च्या रिकाम्या.) सगळे दाढीवाले, एकानेच गुळगुळीत केली होती, आणि 'हा रोमनांची हांजी हांजी करतो' म्हणून लोक त्याच्यावर खार खाऊन होते.

डिओने तिखटमीठ लावलं असणारच. दुसऱ्या एका भाषणात तो म्हणतो, भारतीयसुद्धा होमर स्वतःच्या भाषेत गातात. महाभारताची कुणकुण त्याच्या कानावर गेली असावी, असं काही अभ्यासकांना वाटतं.

पण हियेरोसोन नावाचा म्हातारा मला खरा वाटतो. भर सभेत तो डिओला म्हणाला, जरा तत्त्वज्ञ प्लेटोच्या वळणाने बोला. आमची बोली रांगडी, त्यात प्लेटोची आवड. म्हणजे जवळजवळ आंधळ्या माणसाने बाकी सगळा उजेड टाळून थेट सूर्याकडे बघावं, तसं आमचं आहे.