अरबी लिहिता न येणारी अरब कवयित्री

नमस्कार मंडळी. जेवणाआधी पंधरा मिनिटं दिलीयत आणि मागून मसालेभाताचा वास येतोय, त्यामुळे पाल्हाळ लावत नाही.

आपल्यातले निम्मे लोक इथल्या, सॅन फ्रान्सिस्कोजवळच्या माउंट टॅम डोंगरावर जाऊन आलेत, वर पोचल्यावर फोटो, डबे, आणि परत येताना पुलावरचं ट्रॅफिक. त्याच डोंगराची एका अरब बाईंनी इतक्या वेळा चित्रं काढलीयत की विचारू नका. सॉसालिटोच्या घरातून तो दिसायचा तेव्हाही काढली, आणि पुढे पॅरिसला राहायला गेल्यावर नुसती आठवून आठवून काढली. बाईंचं नाव एतेल अदनान.

जन्म १९२५, लेबनॉनमधलं बैरुत. वडील दमास्कसचे मुसलमान, ऑटोमन फौजेत ऑफिसर होते, आई स्मर्नाची, म्हणजे आताच्या तुर्कस्तानातल्या इझमीरची, ग्रीक ख्रिश्चन. घरात ग्रीक आणि तुर्की, शाळा फ्रेंच नन्सची, आणि तिथे अरबी बोललं की शिक्षा. म्हणजे रस्त्यावरचं अरबी कानावर पडायचं पण लिहायचं म्हटलं की बोंब. वडिलांना हे खुपायचं, ते लेकीला व्याकरणाचं पुस्तक देऊन पानंच्या पानं उतरवायला बसवायचे. अर्थ कळत नव्हता, ती नुसती अक्षरं काढत बसायची आणि तिला ते चक्क आवडायचं.

मी आपल्या रविवारच्या मराठी शाळेत शिकवते, त्यामुळे हे वाचताना थबकलेच. आपली पोरंही फळ्यावरचं असंच उतरवतात, अर्थाचा पत्ता नाही, आणि मी चिडते. अर्थात सरसकट तुलना नको, बाईंची भाषा शाळेनं तोडली, आपल्याकडे तर आपणच घरात इंग्लिश बोलतो.

असो. पॅरिसला सोरबोनमध्ये फिलॉसॉफी शिकून त्या १९५५ला अमेरिकेत आल्या, आधी बर्कलीला, मग सॅन राफाएलच्या डॉमिनिकन कॉलेजात फिलॉसॉफी शिकवायला लागल्या. तिथल्या आर्ट डिपार्टमेंटच्या बाईंनी विचारलं की कलेचं तत्त्वज्ञान शिकवतेस आणि स्वतः चित्र काढत नाहीस, असं कसं? या म्हणाल्या, आई म्हणायची मी धांदरट आहे. त्यावर त्या म्हणाल्या, आणि तू ते खरं मानलंस? झालं, पस्तिशीच्या आसपास ब्रश... नाही, ब्रश नाही, सुरी! कॅनव्हास टेबलावर आडवा ठेवायचा, ट्यूबमधला रंग सरळ त्यावर, सुरीनं पसरायचा, एका बैठकीत चित्र खलास. चित्रंही छोटी, वहीएवढी.

तेव्हा अल्जीरियाचं युद्ध चालू होतं. फ्रेंचांविरुद्ध लढणाऱ्यांच्या बाजूनं असताना फ्रेंचमध्ये कविता लिहायची त्यांना लाज वाटायला लागली, आणि अरबी तर येत नाही. मग म्हणाल्या, मी अरबीत चित्रं काढीन! नंतर व्हिएतनाम युद्धाविरुद्ध कविता लिहिली ती इंग्लिशमध्ये, आणि तिथून त्या इंग्लिशच्या कवयित्री झाल्या. १९७२ला बैरुतला परत जाऊन पेपरात सांस्कृतिक पानं सांभाळली, पण १९७५ला यादवी पेटली. मूकबधिर मुलांना शिकवणारी एक ख्रिश्चन बाई पॅलेस्टिनी लोकांच्या बाजूची होती म्हणून ख्रिश्चनांच्याच सशस्त्र टोळीनं तिला पळवून मारलं, त्यावर त्यांनी 'सित मारी रोझ' ही कादंबरी लिहिली, फ्रेंचमध्येच. लाज वाटो न वाटो, राग ज्या भाषेत येतो त्यात माणूस लिहितो, असं मला वाटतं.

माझी आवडती गोष्ट मात्र वेगळीच. घडीच्या जपानी वह्या असतात ना, उघडल्या की मीटरभर लांब होणाऱ्या, त्यात त्या इराकी कवी सय्याब वगैरेंच्या अरबी कविता स्वतःच्या हातानं उतरवायच्या, बाजूला वॉटरकलर. सुंदर कॅलिग्राफी नाही हां, शाळकरी अक्षर. वडिलांनी बसवलं होतं तेच काम, कित्येक वर्षांनी, आपल्या हौसेनं.

जगाला त्यांची चित्रं नीट दिसली २०१२ला, जर्मनीतल्या डॉक्युमेंटा प्रदर्शनात, वय ८७. नोव्हेंबर २०२१ला पॅरिसमध्ये गेल्या, तेव्हा न्यूयॉर्कच्या गुगेनहाइम म्युझियममध्ये त्यांचं प्रदर्शन चालू होतं.

तर गेल्या रविवारी मी वर्गात घडीचे कागद वाटले, जे आवडेल ते उतरवा, अर्थ विचारणार नाही. एकानं आजीचं जुनं पत्र आणलं. 'चि.' म्हणजे काय ते त्याला माहीत नाही, पण काढलाय असा झोकदार की बघत राहावं. सगळे कागद बाहेरच्या टेबलावर मांडलेत, जेवायला जाताना बघा. जेवून येताना नको, हात तेलकट असतात.