कापलेली पानं, लपवलेल्या वह्या

श्रोतेहो, नमस्कार.

1954 साली 'महान सोव्हिएत विश्वकोशा'च्या वर्गणीदारांना टपालाने काही सुटी पानं आली. सोबत सूचना होती : पाचव्या खंडातली 21 ते 24 ही पानं कात्रीने किंवा ब्लेडने कापून काढा, बांधणीजवळ थोडी कड ठेवा आणि तिथे ही नवी पानं चिकटवा. कापायच्या पानांवर लवरेंती बेरियाचा गौरवपर लेख होता. स्टालिनच्या गुप्त पोलिसांच्या या प्रमुखालाच डिसेंबर 1953 मध्ये गोळी घालून मारण्यात आलं होतं. त्याची जागा भरायला नव्या पानांवर बेरिंग समुद्राची भरपूर माहिती होती. वर्णानुक्रमात शेजारी तोच होता ना!

रशियाचं विसावं शतक समजून घ्यायचं तर कोणत्या इतिहासग्रंथापासून सुरुवात करावी, असं वाचणारी मंडळी विचारतात. माझं मत थोडं उलटं आहे. आधी कथा-कादंबऱ्या वाचा, इतिहासग्रंथ मागून. कारण सरळ आहे. त्या काळात इतिहास लिहिणं हे सरकारी काम होतं. 1938 मध्ये कम्युनिस्ट पक्षाच्या इतिहासाचं जे संक्षिप्त पाठ्यपुस्तक निघालं, ते स्टालिनने स्वतः हात फिरवून तयार केलं आणि त्याच्या चार कोटींवर प्रती छापल्या गेल्या. 1956 मध्ये, स्टालिननंतर पक्षप्रमुख झालेल्या ख्रुश्चेवने स्टालिनच्या अत्याचारांवर बंद दाराआड भाषण केलं खरं, पण ते सोव्हिएत देशात छापून आलं 1989 मध्ये. मग त्या वर्षांची नोंद ठेवली कुणी? पकडलेल्या आपल्या माणसांच्या चौकशीसाठी तुरुंगाबाहेर रांगेत उभ्या राहिलेल्या बायकांनी.

लिदिया चुकोव्स्काया त्यांतली एक. तिचा नवरा मत्वेई ब्रॉनस्टाइन हा लेनिनग्राडमधला हुशार भौतिकशास्त्रज्ञ. त्याला ऑगस्ट 1937 मध्ये पकडलं आणि फेब्रुवारी 1938 मध्ये गोळी घातली. तिला मात्र सांगण्यात आलं, दहा वर्षांची शिक्षा, पत्रव्यवहाराची परवानगी नाही. 1939-40 च्या हिवाळ्यात तिने एका जाड शालेय वहीत 'सोफिया पेत्रोवना' नावाची लघुकादंबरी लिहिली. स्टालिनच्या या अटकसत्राच्या ऐन धामधुमीत, त्या दहशतीविषयीच लिहिलेलं असं गद्य फार थोडं आहे.

सोफिया पेत्रोवना ही प्रकाशनसंस्थेतली टायपिस्ट, विधवा. मुलगा कोल्या इंजिनियर, पक्का पक्षनिष्ठ. एक दिवस त्याला अटक होते. ही रांगेत उभी राहते आणि आजूबाजूच्या बायकांकडे संशयाने बघते. या सगळ्या खऱ्याखुऱ्या देशद्रोह्यांच्या आया आणि बायका, माझ्याच मुलाच्या बाबतीत काहीतरी चूक झालीय, असं तिला मनापासून वाटतं. रांगेतली प्रत्येक बाई नेमकं हेच समजत असणार, हे लेखिका कुठेही बोलून दाखवत नाही. आपल्यालाच ते हळूहळू उमगतं आणि पोटात गोळा येतो. शेवटी सक्तमजुरीच्या छावणीतून मुलाचं पत्र येतं, मारहाण करून खोटा कबुलीजबाब घेतला म्हणून. आणि ती आई ते पत्र जाळून टाकते.

वही एका मित्राकडे ठेवलेली होती. दुसऱ्या महायुद्धातल्या लेनिनग्राडच्या वेढ्यात तो उपासमारीने मेला. मरणाच्या आदल्या दिवशी त्याने ती बहिणीच्या हवाली केली. 1962 मध्ये एका सरकारी प्रकाशनाने पुस्तक स्वीकारलं, पण पुढे वारं फिरल्यावर नाकारलं. बाई कोर्टात गेल्या आणि खटला जिंकल्या! मानधन पूर्ण मिळालं, पुस्तक काही निघालं नाही. ते त्यांच्या देशात आलं 1988 मध्ये.

याच चुकोव्स्कायाने कवयित्री आन्ना अख्मातोवाच्या भेटींची टिपणं ठेवली आहेत. भिंतींना कान असतील म्हणून अख्मातोवा मोठ्याने चहापाण्याचं, हवापाण्याचं बोलत राहायची आणि कागदावर नव्या ओळी लिहून पुढे सरकवायची. पाहुणी त्या पाठ करून कागद परत द्यायची. मग तो रक्षापात्रात जळायचा. याच दहशतीवरच्या 'रेक्विएम' या काव्यमालेतल्या कविता अशा मूठभर माणसांच्या स्मरणात राहिल्या. मौखिक परंपरा म्हटलं की आपल्याला जात्यावरच्या ओव्या आठवतात. इथे एका महानगरातली, छापखान्यांच्या काळातली कवयित्री त्याच वाटेने गेली.

आता ज्याच्यासाठी आज मुळात बोलायला बसलो, तो वासिली ग्रॉसमन. लाल सैन्याच्या 'क्रास्नाया झ्वेझ्दा' या दैनिकाचा वार्ताहर म्हणून तो स्टालिनग्राडच्या लढाईत होता. पुढे ट्रेब्लिंकाच्या मृत्युछावणीवर त्याने 1944 मध्ये लेख लिहिला. त्याची आई बेर्दिचेव गावात राहायची. सप्टेंबर 1941 मध्ये नाझींनी तिथल्या हजारो ज्यूंसह तिलाही मारलं. 'जीवन आणि नियती' ही कादंबरी त्याने या आईला अर्पण केली आहे. तिच्यात एका आईने ज्यूंना डांबलेल्या वस्तीतून मुलाला लिहिलेलं शेवटचं पत्र आहे. पूर्ण एक प्रकरण, फक्त पत्र.

कादंबरी स्टालिनग्राडची आहे, पण मला राहून राहून आठवतो तो श्त्रुम हा शास्त्रज्ञ. संस्थेतले लोक त्याला चूक कबूल करायला सांगतात, तो ठाम नकार देतो आणि घरी अटकेची वाट बघत बसतो. तेवढ्यात फोन वाजतो. पलीकडे खुद्द स्टालिन, कामाला शुभेच्छा देतोय. रातोरात जग बदलतं, तोंड फिरवणारे सहकारी हसून बोलू लागतात. थोड्याच दिवसांत एका खोट्या निवेदनावर त्याची सही मागितली जाते, अगदी गोड बोलून. आणि भीतीपुढे न वाकलेला हा माणूस त्या गोडव्यापुढे वाकतो, सही करतो. हुकूमशाहीविषयी इतकं खोलवरचं निरीक्षण मी कुठल्या इतिहासग्रंथात वाचलेलं नाही.

14 फेब्रुवारी 1961 रोजी केजीबी या गुप्तहेर खात्याची माणसं ग्रॉसमनच्या घरी आली. त्याला हात लावला नाही. कादंबरीच्या प्रती, कच्चे खर्डे, इतकंच काय, कार्बन पेपर आणि टाइपरायटरच्या फिती उचलून नेल्या. त्याने ख्रुश्चेवला पत्र लिहिलं, माझ्या पुस्तकाला स्वातंत्र्य द्या म्हणून. पक्षाचे विचारप्रमुख सुस्लोव यांनी त्याला भेटीला बोलावलं. दोनतीनशे वर्षं तरी हे छापता येणार नाही, असं ते म्हणाल्याचं सांगतात. त्यांनी कादंबरी वाचली नव्हती, तिच्यावरचे अहवाल वाचले होते. 1964 मध्ये ग्रॉसमन कर्करोगाने गेला. मित्रांकडे लपवलेली प्रत पुढे सरकारविरोधी भौतिकशास्त्रज्ञ आंद्रेई साखारोव वगैरेंच्या मदतीने मायक्रोफिल्मवर उतरली, देशाबाहेर गेली आणि 1980 मध्ये स्वित्झर्लंडात छापली गेली. जप्त केलेले कागद गुप्तहेर खात्याने सोडले, ते 2013 साली.

1961 याच वर्षी आपले अण्णाभाऊ साठे सोव्हिएत रशियाला गेले होते. युद्धकाळात त्यांनी 'स्टालिनग्राडचा पवाडा' रचला होता. त्यांचं 'माझा रशियाचा प्रवास' आजही वाचावं, त्यातला जिव्हाळा खोटा नाही. पाहुण्याला लुब्यांकाचं, म्हणजे मॉस्कोतल्या गुप्त पोलिसांच्या मुख्यालयाचं तळघर कोण दाखवतं? मराठी घरांत पुढच्या दशकांत मॉस्कोच्या प्रगती आणि रादुगा प्रकाशनांची स्वस्त, देखणी पुस्तकं येत होती. गॉर्की, चेखव, तोल्स्तोय आपण त्यांतून वाचले आणि त्याचे उपकार मानायलाच हवेत. त्या कपाटात चुकोव्स्काया, ग्रॉसमन नव्हते इतकंच.

सोल्झेनित्सिनबद्दल पुष्कळांना ठाऊक आहे, म्हणून थोडक्यात. 'इवान देनिसोविचच्या जीवनातला एक दिवस' ही त्याची छावणीवरची लघुकादंबरी नोव्हेंबर 1962 च्या 'नोवी मीर' मासिकात आली. संपादक त्वार्दोव्स्की यांनी ती थेट ख्रुश्चेवपर्यंत पोहोचवली होती. लेखक म्हणून मला मात्र वर्लाम शालामोव सोल्झेनित्सिनहून मोठा वाटतो. रशियाच्या ईशान्य टोकाकडच्या कोलिमाच्या गोठलेल्या छावण्यांत वर्षानुवर्षं काढून आलेला हा माणूस, छावणी माणसाला काहीही चांगलं शिकवत नाही असं बजावतो. त्याच्या कथा चारपाच पानांच्या, न रडणाऱ्या.

पुढे सरकारी दफ्तरं थोडीफार खुली झाली आणि इतिहासकारांना आकडे मिळाले. 1937-38 या दोन वर्षांत गोळी घातलेल्यांची पोलिसांचीच नोंद सुमारे 6 लाख 82 हजारांची आहे. या माणसांची नावं गोळा करणाऱ्या 'मेमोरियल' संस्थेला रशियाच्या सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 2021 मध्ये बंद करायला लावलं. पुढच्याच वर्षी तिला शांततेच्या नोबेल पारितोषिकात वाटा मिळाला. आकड्यांचे ग्रंथ जरूर वाचा. फक्त, रांगेतल्या बाईला शेजारणीबद्दल काय वाटत होतं, याची नोंद पोलिसांच्या दफ्तरात सापडत नाही.

ही पुस्तकं इंग्रजी अनुवादात मिळतात. 'सोफिया पेत्रोवना' एका संध्याकाळी वाचून होते, तिथून सुरुवात करा. ग्रॉसमनला महिना-दीड महिना द्या. पात्रं खंडीभर आहेत आणि रशियन नावं प्रत्येकाची तीन तीन, तेव्हा जवळ कागद-पेन्सिल असू द्या. शालामोव मात्र सलग वाचू नका. दिवसाला एक कथा पुरे.

नमस्कार.