यहूदाच्या पत्रातला हनोख

श्रोतेहो, नमस्कार. बायबलच्या नव्या करारात प्रकटीकरण या शेवटच्या पुस्तकाच्या लगेच आधी यहूदाचे एका अध्यायाचे छोटेसे पत्र येते. त्याच्या चौदाव्या-पंधराव्या वचनांत आदामापासून सातव्या पिढीतल्या हनोखाचे भाकीत दिले आहे, की प्रभू आपल्या असंख्य पवित्र जनांसह न्याय करावयास येत आहे. जुन्या करारात मात्र हे भाकीत कुठेही सापडत नाही. हनोख 365 वर्षे जगला, देवाबरोबर चालला आणि देवाने त्याला नेले, एवढेच उत्पत्तीचे पुस्तक सांगते. भाकीत आहे ते हनोखाच्या नावावर असलेल्या स्वतंत्र ग्रंथात, आणि तो ग्रंथ ना प्रॉटेस्टंटांच्या 66 पुस्तकांत आहे, ना कॅथलिकांच्या 73 पुस्तकांत.

या ग्रंथात 200 देवदूत हर्मोन पर्वतावर उतरून मानवकन्यांशी संसार थाटतात, आणि त्यांच्यातला अजाजेल माणसांना तलवारी घडवायला व डोळे सजवायला शिकवतो. (शस्त्रे आणि शृंगार एकाच अपराधात मोडावेत, हा न्याय जरा कडकच म्हणायचा!)

कार्थेजच्या तर्तुलियन या सुरुवातीच्या काळातल्या ख्रिस्ती लेखकाने या ग्रंथाची बाजू हिरिरीने मांडली: पणजोबा हनोखाचा उपदेश नोहाने प्रलयानंतरही जपला असणारच, शिवाय यहूदाची साक्ष आहेच. त्याच साक्षीने पुढे उलटे काम केले. हनोखाचा आधार घेतला म्हणून अनेक जण यहूदाचे पत्रच नाकारतात, अशी नोंद बायबलचा लॅटिन भाषांतरकार जेरोम याने केली आहे. अखेर पत्र टिकले, कारण ख्रिस्ती मंडळ्यांमधून त्याचे वाचन सुरू राहिले. हनोखाच्या ग्रंथाचे वाचन बहुतेक ठिकाणी थांबले.

इथिओपियात ते थांबले नाही. तिथल्या ऑर्थोडॉक्स चर्चने हा ग्रंथ आपल्या पवित्र शास्त्रातच ठेवला, आणि आज तो संपूर्ण स्वरूपात केवळ गीझ या तिथल्या प्राचीन भाषेत उपलब्ध आहे. स्कॉटिश प्रवासी जेम्स ब्रूस याने तिथून आणलेल्या हस्तलिखितांमुळे अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात तो युरोपच्या हाती लागला आणि 1821 मध्ये त्याचे इंग्रजी भाषांतर निघाले.

पुढे मृत समुद्राकाठी कुम्रानच्या गुहांत त्याचे अरामी तुकडे मिळाले, तेव्हा त्याचे मूळ ख्रिस्तपूर्व काळातले आहे हे सिद्ध झाले. मात्र ज्यात न्यायासनावर बसणारा ‘मनुष्याचा पुत्र’ येतो (शुभवर्तमानांत येशू स्वतःला हेच नाव देतो), त्या 37 ते 71 या अध्यायांचा एकही तुकडा तिथे मिळालेला नाही. त्यामुळे हा भाग येशूच्या आधी लिहिला गेला की नंतर, यावर अभ्यासकांचा वाद अजूनही चालू आहे.