सातबाऱ्यावर नाव कुणाचं?

वेंगुर्ले तालुक्यातलं वहिनींचं हे घर. एप्रिल संपत आलाय आणि खळ्यात काजूची बी वाळत पडलीय. उन्हात वाळली की ती बॉयलरच्या वाफेवर शिजवायची आणि रात्रभर पसरून गार करायची.

आता कटर. पायाने पॅडल दाबायचं, हाताने बी पात्यांमध्ये धरायची. टरफल दुभंगलं की टोकदार सळीने गर उचलायचा, तोही अख्खा, कारण पाकळीला अख्ख्याचा भाव येत नाही. टरफलातला चीक कातडी जाळतो, म्हणून हाताला आधी तेल चोळलेलं असतं. हे हात जवळून बघा.

पुढे गर भट्टीत सुकतो, साल निघते आणि प्रतवारी सुरू होते. १८०, २१०, २४०, ३२०. एका पौंडात जास्तीत जास्त तेवढे गर, म्हणजे आकडा लहान तितका गर मोठा. वहिनी वजनकाटा न लावता, नुसत्या नजरेने ढीग वेगळे करताहेत. हे कसब त्या दुसऱ्याच्या कारखान्यात किलोवर मजुरी घेत शिकल्या. आज पडवीतलं युनिट त्यांचं स्वतःचं आहे, बचत गटातल्या बायकांच्या सोबतीने उभं केलेलं.

कोकणातल्या बाईला कारभार नवा नाही. घरधनी मुंबईला गिरणीत, आणि इथे भाताच्या रोपांचा तरवा, लावणी, गुरं, सासू-सासरे, पोरांची शाळा सगळं तिच्यावर. मनीऑर्डर यायची, तीही १९८२ च्या संपानंतर कितीतरी घरांत थांबली. शेत तिने राखलं, तरी सातबाऱ्यावर तिचं नाव लागलं नाही.

युनिट वाढवायचं तर कर्ज हवं. सूक्ष्म अन्नप्रक्रिया उद्योगांना केंद्राच्या योजनेतून ३५ टक्के, कमाल १० लाखांपर्यंत अनुदान मिळतं, पण ते बँकेच्या कर्जाला जोडलेलं. आणि मोठ्या कर्जाला तारण लागलं की पुन्हा जमिनीचाच कागद पुढे येतो.

घरात काय बदललं? पहाटेची चूल अजून वहिनींचीच आहे. मुलगा मात्र आता बी वाळत घालतो.

हिंदू कुटुंबातल्या मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत जन्मतः हक्क महाराष्ट्राने १९९४ मध्ये दिला, देशाने २००५ मध्ये. सासरच्या जमिनीत राबणाऱ्या सुनेला तसा हक्क नाही. नवरा हयात असताना तिचं नाव त्याच्या मर्जीनेच लागतं. लक्ष्मी मुक्ती योजनेत नवऱ्याने अर्ज केला, तर त्याच्या जमिनीवर बायकोचं नाव सहहिस्सेदार म्हणून चढतं. पण अर्जावर सही नवऱ्यानेच करायची.