फ्लिपरचा आवाज

नमस्कार, श्रोतेहो. प्राण्यांची साहसकथा म्हटली की दात विचकणारं जनावर आणि त्याच्यावर रोखलेली बंदूक आलीच, असं एके काळी गृहीतच धरलं जायचं. इव्हान टॉर्स यांनी ते मनापासून नाकारलं.

टॉर्स मूळचे हंगेरीचे. १९१६ साली बुडापेस्टला जन्मलेले. तरुणपणी नाटकं लिहिली, मग अमेरिका गाठली, हॉलिवूडमध्ये पटकथा लिहिल्या आणि पुढे निर्माते झाले. पण त्यांना आपली वाट सापडली ती पाण्याखाली.

१९५८ साली त्यांची ‘सी हंट’ ही मालिका सुरू झाली. नायक पाणबुड्या. भूमिका लॉइड ब्रिजेस यांची. मोठ्या वाहिन्यांनी तिला नकार दिला होता. समुद्राच्या तळाशी दर आठवड्याला नवं काय दाखवणार, असं त्यांना वाटे. मग झिव्ह या कंपनीने ती एकेका स्थानिक केंद्राला विकली आणि तिचे तब्बल १५५ भाग झाले. रेडिओवर बोलणाऱ्या मला यातली एक गोष्ट फार भावते. तोंडात हवेची नळी धरलेला माणूस संवाद म्हणणार कसा? म्हणून पडद्यावर बुडबुडे दिसत आणि कथा सांगायला ब्रिजेस यांचा आवाज येई. निम्मी मालिका कानांनीच बघायची!

मग आला ‘फ्लिपर’. १९६३ मध्ये चित्रपट, १९६४ पासून मालिका. फ्लोरिडाच्या किनाऱ्यावरचा विधुर रेंजर, त्याची दोन मुलं आणि त्यांचा सवंगडी डॉल्फिन. कथेतला फ्लिपर नर, पण काम मुख्यतः माद्या करत, कारण झुंजणाऱ्या नरांच्या अंगावर ओरखडे असतात. आणि तो खिदळल्यासारखा आवाज? तो डॉल्फिनचा नव्हताच. कूकाबरा नावाच्या ऑस्ट्रेलियन पक्ष्याच्या ओरडण्यावर संस्कार करून तो तयार केलेला होता.

‘डक्टारी’ आणि ‘जेंटल बेन’ या मालिका त्यानंतरच्या. ‘डक्टारी’त क्लॅरेन्स नावाचा तिरळा सिंह होता. राल्फ हेल्फर हे प्रशिक्षक चाबूक न वापरता मायेने जनावरं शिकवत, आणि टॉर्स यांनी त्यांच्यावर भिस्त ठेवली. ‘जेंटल बेन’मध्ये तर आठ वर्षांचा क्लिंट हॉवर्ड भल्याथोरल्या अस्वलाशेजारी निर्धास्त वावरतो. हे धाडस मला कुठल्याही पाठलागापेक्षा मोठं वाटतं.

टॉर्स १९८३ मध्ये ब्राझीलमध्ये वारले. प्राण्यांवर त्यांचा जीव होता, यात मला शंका नाही. पण जे डॉल्फिन आपल्याला मोकळे वाटले, ते बंदिस्तच होते, हेही आज सांगायलाच हवं.

रिक ओबॅरी हे ‘फ्लिपर’मधल्या डॉल्फिनचे प्रशिक्षक. ते सांगतात, मालिका लागायची तेव्हा मी लांबलचक वायर ओढून टीव्ही धक्क्याच्या टोकाशी नेई. फ्लिपरचं काम करणारी डॉल्फिन मादी कॅथी पाण्यातून डोकं वर काढून स्वतःलाच पडद्यावर बघे, आणि आपलं काम ओळखे. १९७० मध्ये कॅथी त्यांच्या हातांतच गेली. थोड्याच दिवसांत ओबॅरी बहामातल्या बिमिनी बेटावर कोंडलेल्या एका डॉल्फिनला सोडवायला गेले, आणि त्यांना अटक झाली. तेव्हापासून ते डॉल्फिनच्या सुटकेसाठीच झटत आले आहेत.