आधी गेज, मग जॉब

कोल्हापूरचं शिवाजी उद्यमनगर. लेथ, ड्रिल, ग्राइंडरचा आवाज गल्लीभर. इथं जॉब, म्हणजे घडवायचा पार्ट, मशीनवर चढायच्या आधी त्याचं माप तपासायचं गेज हाताशी लागतं. 'गो' बाजू आत गेली पाहिजे, 'नो-गो' अडली पाहिजे. पार्ट पास की रिजेक्ट, यावर वाद घालायची सोयच नाही.

सॉफ्टवेअरमध्ये ही शिस्त केंट बेक या अमेरिकन प्रोग्रामरनं १९९० च्या दशकात एक्स्ट्रीम प्रोग्रॅमिंग या कामाच्या पद्धतीतून रुजवली. नाव टेस्ट ड्रिव्हन डेव्हलपमेंट, म्हणजे टीडीडी. आधी टेस्ट, म्हणजे कोड बरोबर चालतो का हे तपासणारा छोटा कोड, आणि मग खरा कोड. २००१ साली ज्या १७ जणांनी अ‍ॅजाइलचा (थोडं-थोडं काम करून दाखवत सॉफ्टवेअर बनवायच्या पद्धतीचा) जाहीरनामा काढला, त्यांत बेकही होते.

मार्केट यार्डातली गुळाची पट्टी, म्हणजे शेतकऱ्याला मिळणारा विक्रीचा हिशेब, घेऊ. दहा किलोचे ४३ रवे (गुळाच्या ढेपा), क्विंटलला दर ३,८०० रुपये धरू. रक्कम १६,३४० यायलाच हवी. हे आधी टेस्टमध्ये लिहायचं. हिशेबाचा कोड अजून लिहिलेलाच नाही, म्हणून टेस्ट फेल. स्क्रीनवर लाल. मग ती पास होण्यापुरताच कोड. हिरवा. आता कोड नीटनेटका करायचा, पण हिरवा रंग न जाऊ देता. पुढं हमाली, तोलाई, शेतकऱ्यानं घेतलेली उचल. दरवेळी आधी लाल, मग हिरवा. सुरुवातीला यात वेळ जातो, नाही असं नाही.

तो वसूल होतो गिऱ्हाईकाचा, म्हणजे अडत्याचा, फोन आल्यावर. "अवो, अर्ध्या किलोचं रवं टाकलं की पट्टी चुकतीया!" अशा वेळी थेट कोडला हात घालावासा वाटतो. पण आधी ती चूक पकडणारी टेस्ट लिहायची, ती फेल होताना बघायची, मग दुरुस्ती. ही टेस्ट कायमची राहते. उद्या नवा आलेला पोरगा कोड बदलेल, तेव्हाही ती चालणार. एक चूक अडत्या पोटात घालतो. तीच परत झाली, की तो दुसरं सॉफ्टवेअर बघायला लागतो, कारण शेतकऱ्यापुढं उभं त्याला राहायचं असतं.

पण टेस्ट हिशेबापुरतीच. पट्टीवरची अक्षरं बारीक आहेत, म्हाताऱ्या शेतकऱ्याला वाचता येत नाहीत, हे कुठलीच टेस्ट सांगणार नाही. अ‍ॅजाइलमध्ये दर एक-दोन आठवड्यांनी झालेलं काम गिऱ्हाईकाला दाखवतात, ते यासाठीच. आणि ते ऑफिसात बोलावून नव्हे, सौदे चालू असताना यार्डात जाऊन दाखवलेलं बरं.