बारा गावचे पाणी

श्रोतेहो, नमस्कार.

१७ जून १९८९ रोजी अमेरिकेतील मिनेसोटा राज्यात, ब्लूमिंग्टन येथील मेट सेंटरमध्ये नॅशनल हॉकी लीग या उत्तर अमेरिकेतील आइस हॉकीच्या लीगमधल्या सर्व संघांचे प्रतिनिधी जमले होते. कुमार वयोगटातले कोणते खेळाडू कोणत्या संघाने घ्यायचे, याचा वार्षिक निवाडा तेथे व्हायचा होता. डेट्रॉइट रेड विंग्ज या संघाने पहिल्या फेरीत, एकंदरीत अकराव्या क्रमांकावर, कॅनडातील रेजायना शहराच्या माइक सिलिंजर या सतरा वर्षांच्या मुलाचे नाव पुकारले. त्याच संघाने तिसऱ्या फेरीत, त्रेपन्नाव्या क्रमांकावर, निकलास लिडस्ट्रॉम नावाचा एक स्वीडिश बचावपटू घेतला, ज्याच्याविषयी तेव्हा फारसे कोणी बोलत नव्हते. हा लिडस्ट्रॉम पुढे वीस हंगाम फक्त डेट्रॉइटकडून खेळला, १५६४ सामने खेळला, चार वेळा स्टॅन्ले कप, म्हणजे लीगच्या विजेतेपदाचा चषक, जिंकला आणि २०१५ मध्ये हॉकीच्या हॉल ऑफ फेममध्ये जाऊन बसला. सिलिंजर मात्र एकूण बारा संघांकडून खेळला. इतके संघ नॅशनल हॉकी लीगच्या इतिहासात दुसऱ्या कोणाच्याही नावावर नाहीत. आजचे भाषण सिलिंजरविषयी आहे.

आपल्याकडे अशा कारकिर्दीची कल्पना आयपीएलमुळे थोडीफार आली आहे. ऑस्ट्रेलियाचा एरन फिंच नऊ वेगवेगळ्या संघांकडून आयपीएल खेळला, हे अनेकांना आठवत असेल. परंतु आयपीएल दोन महिन्यांत आटोपते, आणि तेथे लिलावाची तारीख आधीपासून ठाऊक असते. उत्तर अमेरिकेतील आइस हॉकीचा हंगाम ऑक्टोबरपासून एप्रिलपर्यंत चालतो, त्यात प्रत्येक संघ ऐंशीहून अधिक सामने खेळतो, आणि त्या काळात कोणत्याही दिवशी दूरध्वनी येऊन खेळाडूला सांगितले जाऊ शकते की आजपासून तू दुसऱ्या गावचा झालास. करारात अदलाबदलीला मनाई करणारे कलम घालून घेण्याइतकी ज्याची पत आहे, त्यालाच नकार देता येतो. बाकीच्यांचा करार जसाच्या तसा नव्या संघाकडे जातो, पगार नवा मालक देतो, आणि खेळाडूने एकदोन दिवसांत आपले स्केट्स आणि काठ्या घेऊन तेथे हजर व्हायचे असते. घर, भाडेकरार, मुलांची शाळा हे सगळे मागे राहते आणि ते बहुतेक वेळा पत्नीच्या अंगावर पडते. विंचवाचे बिऱ्हाड पाठीवर म्हणतात, पण येथे बिऱ्हाड मागाहून येते, विंचू आधीच पोहोचलेला असतो.

सिलिंजर घडला तो रेजायना पॅट्स या कुमार संघात. १९१७ मध्ये स्थापन झालेला हा संघ सस्कॅचवान प्रांताच्या राजधानीचा मानबिंदू आहे, आणि सिलिंजर तर त्याच गावचा मुलगा. तेथे तो गोल करणारा खेळाडू होता. सलग तीन हंगामांत त्याने पन्नास किंवा त्याहून अधिक गोल केले, आणि १९९१ च्या जागतिक कनिष्ठ स्पर्धेत सास्काटूनमध्ये सुवर्णपदक जिंकणाऱ्या कॅनडाच्या संघातही तो होता. पुढे पॅट्सने त्याचा १६ क्रमांकाचा सदरा सन्मानाने निवृत्त केला. अशा मुलाने व्यावसायिक हॉकीतही गोलांचा पाऊस पाडावा, अशी अपेक्षा करण्यात डेट्रॉइटची काहीच चूक नव्हती.

अडचण जागेची होती. सिलिंजर मध्यभागी खेळणारा, म्हणजे सेंटर. डेट्रॉइटकडे त्या जागी कर्णधार स्टीव्ह आयझरमन होता. आणि ज्या निवडसत्रात सिलिंजर घेतला गेला, त्याच सत्रात चौथ्या फेरीत घेतलेला सर्गेई फेडोरोव्ह १९९० मध्ये सोव्हिएत संघ सोडून डेट्रॉइटला येऊन दाखल झाला. पुढे क्रिस ड्रेपर आला, ज्याला विनिपेगकडून अवघ्या एका डॉलरला घेतल्याची गोष्ट हॉकीत अजूनही सांगतात. एका सामन्यात आक्रमकांच्या चारच तुकड्या उतरतात, म्हणजे सेंटरच्या जागा चार. सिलिंजरचा बराच काळ न्यूयॉर्क राज्यातील ग्लेन्स फॉल्स या लहानशा गावी, डेट्रॉइटच्या दुय्यम संघाकडून खेळण्यात गेला. तेथे १९९२ मध्ये त्या संघाने आपल्या लीगचा कॅल्डर कप जिंकला. एप्रिल १९९५ मध्ये जेसन यॉर्कबरोबर त्याला ॲनाहाइमकडे पाठवण्यात आले, आणि तेथून पुढे मुक्काम बदलत राहिले.

या प्रवासाची जंत्री एकदा सांगून टाकतो. १९९६ मध्ये व्हँकुव्हर, १९९८ च्या फेब्रुवारीत फिलाडेल्फिया, त्याच वर्षीच्या डिसेंबरात टॅम्पा बे, २००० मध्ये फ्लोरिडा, २००१ मध्ये ओटावा, त्या उन्हाळ्यात स्वतःच्या करारावर कोलंबस, २००३ मध्ये फिनिक्स, २००४ मध्ये सेंट लुइस, २००६ मध्ये नॅशव्हिल आणि शेवटी न्यूयॉर्क आयलँडर्स. यात डॅलसचे नाव नाही, आणि खरे तर ते असायला हवे होते. २००३ च्या जुलैमध्ये कोलंबसने त्याला डॅलसला दिले, आणि डॅलसने त्याच दिवशी त्याला फिनिक्सकडे धाडून तेप्पो नुम्मिनेन हा फिनिश बचावपटू घेतला. डॅलसचा सदरा त्याने कधी घातलाच नाही, म्हणून हिशेबात संघ बाराच धरतात.

आता प्रश्न असा की एवढ्या वेळा बदलला जाणारा खेळाडू नकोसा असतो की हवासा? मला वाटते, याचे उत्तर त्या लीगच्या त्या दशकातल्या विस्तारात सापडते. सिलिंजरने पहिला सामना खेळला तेव्हा, १९९०-९१ च्या हंगामात, लीगमध्ये एकवीस संघ होते. दहा वर्षांनी तीस झाले. १९९२ मध्ये ओटावा आणि टॅम्पा बे आले, १९९३ मध्ये ॲनाहाइम आणि फ्लोरिडा, १९९८ मध्ये नॅशव्हिल, २००० मध्ये कोलंबस. श्रोत्यांच्या लक्षात आले असेल की सिलिंजरच्या बारा संघांपैकी हे सहा, म्हणजे बरोबर निम्मे, तो कुमार संघात खेळत होता तेव्हा अस्तित्वातच नव्हते. नव्या संघाकडे नामांकित खेळाडू नसतात आणि त्यांना विकत घेण्याची ऐपतही सहसा नसते. त्याला अशी माणसे लागतात जी पहिल्या दिवसापासून काम ओढतील, तरुणांना वळण लावतील आणि पगारात परवडतील. तेच सहा संघ नसते, तर सिलिंजरची कारकीर्द कदाचित ग्लेन्स फॉल्समध्येच किंवा युरोपातल्या एखाद्या लीगमध्ये संपली असती. असे शेकडो खेळाडू संपतात. दुय्यम लीगमधून जर्मनी, ऑस्ट्रियाकडे जाऊन तिशीत खेळ सोडणाऱ्यांची गणती मोठी आहे, आणि त्यांची नावे त्यांच्या गावाबाहेर कोणाला ठाऊक नसतात.

त्याचे काम नेमके काय होते, तेही पाहिले पाहिजे. हॉकीत खेळ थांबला की तो पुन्हा सुरू करण्यासाठी पंच पक, म्हणजे ती रबराची काळी चकती, दोन प्रतिस्पर्धी सेंटरच्या मध्ये टाकतो. यालाच फेसऑफ म्हणतात. चकती तीन इंच व्यासाची आणि एक इंच जाड असते, आणि बर्फावर उसळू नये म्हणून सामन्याआधी गोठवून ठेवलेली असते. दोघे सेंटर जवळजवळ काटकोनात वाकतात, खालचा हात काठीच्या पात्याजवळ सरकवतात, आणि डोळे समोरच्याच्या चेहऱ्यावर न ठेवता पंचाच्या मुठीवर ठेवतात. मूठ उघडल्यापासून चकती बर्फाला लागेपर्यंतच्या क्षणार्धात कोणी समोरच्याची काठी उचलून धरतो, कोणी आधी खांदा मध्ये घालून मग पायाने चकती मागे ढकलतो, आणि कोणी निव्वळ मनगटाच्या झटक्याने ती आपल्या बचावपटूकडे पाठवतो. प्रेक्षकाला त्यात फारसे काही दिसत नाही. पण आपल्याच गोलाजवळ, एक खेळाडू शिक्षा भोगत बाहेर बसला असताना आणि सामना संपायला अर्धे मिनिट उरले असताना हा झटका कोण जिंकतो, यावर सामना ठरतो. सिलिंजर या कामात लीगमधल्या चांगल्यांपैकी एक गणला जाई. कुमार वयातला गोलवीर अशा रीतीने फेसऑफ जिंकणारा, आणि संघाचा एक खेळाडू कमी असताना किल्ला लढवणारा झाला. उंची पाच फूट दहा-अकरा इंच, म्हणजे त्या काळच्या धिप्पाड सेंटरांपुढे बेताचीच. तेव्हा त्याने पोटापाण्यासाठी नवी विद्या शिकून घेतली, असे म्हणायला हरकत नाही.

हे कौशल्य असे की त्याची गरज मार्चमध्ये वाढते. हंगामाच्या अखेरीस अदलाबदलीची मुदत संपण्याआधी बाद फेरीची आशा असलेले संघ अनुभवी माणसे गोळा करतात, आणि हरलेले संघ ती विकतात. सिलिंजर सहा वेळा अशा रीतीने हंगामाच्या उत्तरार्धात नव्या संघात आला: १९९६ मध्ये व्हँकुव्हर, १९९८ मध्ये फिलाडेल्फिया, २००० मध्ये फ्लोरिडा, २००१ मध्ये ओटावा, २००४ मध्ये सेंट लुइस आणि २००६ मध्ये नॅशव्हिल. या सहाही संघांनी बाद फेरी गाठली, आणि सहाही संघ पहिल्याच फेरीत गारद झाले. व्हँकुव्हर कोलोरॅडोकडून हरले, फिलाडेल्फिया बफेलोकडून, फ्लोरिडा न्यू जर्सीकडून, ओटावा टोरांटोकडून; सेंट लुइस आणि नॅशव्हिल ही दोन्ही पथके सॅन होजेने घरी पाठवली. सहा मालिकांत मिळून पाच सामने जिंकले, चोवीस हरले. पुढे आयलँडर्सकडून खेळताना २००७ मध्येही बफेलोने पहिल्याच फेरीत तेच केले.

याचा दोष एका सेंटरच्या माथी मारणे मूर्खपणाचे होईल; तिसऱ्या तुकडीतला खेळाडू रात्रीतून पंधरा-सतरा मिनिटे बर्फावर असतो, तेही साधारण पाऊण मिनिटाच्या तुकड्यातुकड्यांनी. दैव मात्र चिडवत राहिले. त्याने डेट्रॉइट सोडल्यावर दोनच वर्षांनी, १९९७ मध्ये, डेट्रॉइटने स्टॅन्ले कप जिंकला. टॅम्पा बेने २००४ मध्ये जिंकला आणि ॲनाहाइमने २००७ मध्ये. सिलिंजरच्या हाती तो चषक कधीच आला नाही.

त्याच्या कारकिर्दीतला मला सर्वांत लक्षणीय वाटणारा हंगाम २००५-०६ चा आहे. मालक आणि खेळाडू यांच्या भांडणात आदला संपूर्ण हंगाम रद्द झाला होता. संघांच्या एकूण पगारावर मर्यादा आली होती, आणि अडवून धरण्याविरुद्धचे नियम कडक झाल्याने खेळ वेगवान झाला होता. पस्तिशीकडे झुकलेल्या कित्येकांना हा बदल झेपला नाही. सिलिंजरने मात्र चौतिसाव्या वर्षी बत्तीस गोल केले, जे त्याला आधी कधीच जमले नव्हते. त्यांपैकी बावीस सेंट लुइसकडून होते, आणि तो संघ त्या वर्षी लीगमध्ये तळाला होता, म्हणूनच जानेवारीच्या अखेरीस त्यांनी त्याला नॅशव्हिलला विकले. कारकिर्दीतला सर्वोत्तम हंगामसुद्धा त्याला एका गावी पुरा करता आला नाही. त्यानंतरच्या उन्हाळ्यात आयलँडर्सनी त्याला तीन वर्षांचा करार दिला, आणि पहिल्या वर्षी त्याने सव्वीस गोल करून तो करार सार्थही केला.

२००७ च्या शरद ऋतूत त्याने हजारावा सामना खेळला. शंभर वर्षांहून अधिक जुन्या या लीगमध्ये हजार सामने खेळलेले खेळाडू चारशेच्या आसपास आहेत, आणि त्यांतले बहुतेक कोणत्या तरी एका शहराचे लाडके असतात. बारा शहरांतून हजार सामने जमवणे मला अधिक अवघड वाटते, कारण प्रत्येक ठिकाणी नवा प्रशिक्षक, नवी पद्धत, नव्या साथीदारांच्या सवयी यांच्याशी जुळवून घ्यावे लागते, आणि पहिले पंधरा दिवस वाईट गेले तर उन्हाळ्यात करार संपतो. एकेका संघाला तो अपरिहार्य कधीच वाटला नाही, हे खरेच आहे. पण दर वेळी पलीकडे कोणी तरी त्याच्यासाठी खेळाडू किंवा निवडीचा हक्क द्यायला तयार होते, हेही तेवढेच खरे. पुढे खुब्याच्या दुखण्याने त्याला गाठले. शेवटच्या हंगामात तो फक्त सात सामने खेळू शकला आणि ऑगस्ट २००९ मध्ये निवृत्त झाला. नावावर १०४९ सामने, २४० गोल आणि ३०८ साहाय्य. त्यानंतर एडमंटन ऑइलर्सने त्याला आपल्या तरुण खेळाडूंच्या जडणघडणीचे काम दिले. कुमार आणि दुय्यम संघांत विखुरलेल्या मुलांना जाऊन भेटणे, त्यांचा खेळ पाहणे, हे त्यात येई, म्हणजे बॅग भरणे काही सुटले नाही.

ओवेन, लुकास आणि कोल हे त्याचे तिन्ही मुलगे हॉकीपटू झाले. धाकटा कोल जन्मला मे २००३ मध्ये, कोलंबस येथे, वडील तेथे खेळत असताना. दोनच महिन्यांनी वडिलांची ती डॅलसमार्गे फिनिक्सला रवानगी झाली. २०२१ च्या निवडसत्रात कोलला बाराव्या क्रमांकावर कोलंबसनेच घेतले. वडिलांना जी वाट पाहावी लागली ती त्याला पाहावी लागली नाही. अठराव्या वर्षी तो थेट मुख्य संघात उतरला, आणि मार्च २०२२ मध्ये व्हेगासविरुद्ध एका सामन्यात तीन गोल करून, कोलंबसकडून अशी हॅटट्रिक करणारा सर्वांत लहान वयाचा खेळाडू ठरला. तोही सेंटर म्हणूनच खेळतो.

नमस्कार.